शरणपूरचा अब्राहम: गुलामीतून सुटलेल्या माणसाचं पुढे काय होतं

जुलै १८६६. आजच्या उत्तर मोझांबिकमध्ये, रोवुमा नदीच्या दक्षिणेला डोंगराळ भागात मोएंबे नावाचं याओ लोकांचं मोठं गाव, मताका तिथला सरदार. डेव्हिड लिव्हिंगस्टन या स्कॉटिश मिशनरी आणि शोधप्रवाशाचा तांडा तिथे मुक्कामाला थांबलेला, गोरा माणूस कसा असतो ते बघायला सगळं गाव लोटलेलं, आणि त्या गर्दीत तांड्यातल्या अब्राहम नावाच्या पोराला एकदम आपल्या घरातला एक वडीलधारा माणूस दिसतो. लहानपणी पकडून विकला गेलेला हा मुलगा, इतक्या वर्षांनी सख्खं माणूस समोर. ओळख पटते, बोलणं होतं आणि मग कळतं की याला नेल्यानंतर याची आई आणि दोन बहिणी यांनाही अरब व्यापाऱ्यांना विकलं गेलं. कुठे गेल्या, कुणालाच माहीत नाही.

तो नातेवाईक म्हणतो राहा इथेच, आपलं गाव आहे. दुसरा एक वडीलधाराही तेच म्हणतो. लिव्हिंगस्टनही सांगतो की राहा, मी सामानसुमान देतो, काही महिने सहज निघतील. अब्राहमचं उत्तर प्रत्येक वेळी एकच, आणि ते लिव्हिंगस्टनने रोजनिशीत लिहून ठेवलंय: जिथे माझी आई नाही, बहीण नाही, तिथे मी कसा राहू?

हा अब्राहम तिथे आला होता नाशिकहून. आपल्या नाशिकहून, शरणपूरमधून. आज शरणपूर रोडवरून रोज हजारो गाड्या जातात, कॉलेजरोडला वळतात, पण या रस्त्याच्या नावामागची गोष्ट नाशिककरांपैकी किती जणांना माहीत असेल याची मला शंका आहे. म्हणून हे प्रकरण जरा नीट लिहून काढतोय. गुलामगिरीचा इतिहास म्हटलं की आपल्या डोळ्यासमोर अटलांटिक, अमेरिका, कापसाचे मळे एवढंच येतं. हिंदी महासागरातली गुलामगिरी मात्र आपल्या दारातून गेलीय, नव्हे दारात येऊन थांबलीय.

ही मुलं नाशिकला आली कशी

पूर्व आफ्रिकेच्या आतल्या भागातून, न्यासा सरोवराच्या आसपासच्या मुलखातून माणसं पकडली जायची, गळ्यात लाकडी बेडी अडकवून किनाऱ्यावरच्या किल्वा बंदरापर्यंत चालवत आणायची, तिथून गलबतात घालून झांझिबारला. काही तिथेच लवंगांच्या बागांत जुंपली जायची, बाकीची ओमान, इराणी आखात, अरबस्तान इकडे रवाना. ओमानचा सुलतान सय्यद सईद याने आपला कारभारच झांझिबारला हलवला होता, लवंगांच्या बागा त्याच्याच काळात वाढल्या आणि बागा वाढल्या तशी माणसांची मागणीही वाढली.

इंग्रजांनी या व्यापारावर टप्प्याटप्प्याने बंधनं घातली, १८२२ चा करार, मग १८४५ चा करार, आणि आरमाराची जहाजं समुद्रात गस्त घालायला लागली. गस्तीत एखादं गलबत सापडलं की त्यातली माणसं 'मुक्त' म्हणून जाहीर व्हायची. पण मुक्त करून पाठवायचं कुठे? किनाऱ्यावर सोडलं तर दुसऱ्या दिवशी पुन्हा पकडून विकणार. मग जवळचं मोठं इंग्रजी बंदर कोणतं, तर एडन आणि मुंबई. अशा रीतीने ही माणसं मुंबईत उतरवली जायला लागली, मोठ्यांना जहाजांवर खलाशी, बॉयलरमध्ये कोळसा टाकणारे म्हणून काम मिळायचं, मुलींना कुणाच्या तरी घरी ठेवायचे, आणि लहान मुलांना मिशनच्या ताब्यात द्यायचे.

चर्च मिशनरी सोसायटीचा विल्यम सॉल्टर प्राइस हा मिशनरी तेव्हा नाशिकला होता. त्याने १८५० च्या दशकात गावाबाहेर ख्रिस्ती लोकांची वसाहत उभी केली, तीच शरणपूर. १८६० च्या सुमारास आफ्रिकन मुलांचा आश्रम मुंबईतून तिथे हलवला गेला. लिहायला वाचायला शिकवायचे, इंग्रजी शिकवायचे, बाप्तिस्मा, आणि हातात एक कसब: लोहारकाम, सुतारकाम असं काहीतरी. नावं बदलली गेली. सायमन प्राइस, रिचर्ड आयझेनबर्ग, कारस फरार, जेकब वेनराइट, मॅथ्यू वेलिंग्टन. प्राइस, आयझेनबर्ग, फरार ही तर तिथल्या मिशनऱ्यांचीच आडनावं. मॅथ्यू वेलिंग्टनचं आधीचं नाव चेंग्विंबे होतं, तो याओ होता. बहुतेकांची आधीची नावं कुणी टिपूनच ठेवली नाहीत, आणि मला या सगळ्या प्रकरणातली ही गोष्ट फार लागते, कारण नाव गेलं की माग काढायचा दोराच तुटतो.

मुंबईची दुसरी बाजू

इथे एक गोष्ट मधेच सांगायलाच हवी. हे प्रकरण सांगताना मुंबई म्हणजे तारणहार आणि झांझिबार म्हणजे पाप असं चित्र रंगवतात, ते मला अजिबात पटत नाही. झांझिबारचा व्यापार चालायचा त्यात हिंदी पैसा होता. तिथल्या जकातीचा मक्ता अनेक वर्षं कच्छी भाटिया पेढीकडे, जयराम शिवजीच्या पेढीकडे होता. आत जाणाऱ्या तांड्यांना कापड, मणी, उसनवारी देणारे सावकार बहुतांशी हिंदी. आफ्रिकेतला हस्तिदंत मुंबईत यायचा, इथून विलायतेला जायचा आणि गुजरात-कच्छमध्ये नवरीच्या चुड्यासाठीही लागायचा, आणि तो हस्तिदंत किनाऱ्यापर्यंत खांद्यावरून आणण्याच्या कामातही गुलाम जुंपलेले असायचे. १८६० मध्ये झांझिबारचा इंग्रज कॉन्सल रिग्बी याने तिथल्या ब्रिटिश अंमलाखालच्या हिंदी व्यापाऱ्यांना त्यांचे गुलाम सोडायला लावले, हजारो निघाले. म्हणजे एकाच मुंबईच्या धक्क्यावर एकीकडे सुटलेली पोरं उतरत होती आणि दुसरीकडे ज्या व्यापाराने ती विकली गेली त्याचाच माल उतरत होता. हे दोन्ही एकत्र बघितल्याशिवाय शरणपूर समजत नाही असं माझं स्पष्ट मत आहे.

लिव्हिंगस्टन नाशिकला येतो

१८६४ मध्ये लिव्हिंगस्टन आपली लेडी न्यासा ही छोटी आगबोट घेऊन झांझिबारहून थेट समुद्र ओलांडून मुंबईला आला होता. तेव्हा बरोबर चुमा आणि विकतानी ही दोन याओ मुलं होती, त्यांना त्याने डॉ. जॉन विल्सनच्या शाळेत ठेवलं (ज्यांच्या नावाने विल्सन कॉलेज आहे तेच हे). १८६५ मध्ये तो परत आला, नवीन मोहीम काढायची होती, नाईल नदीचा उगम शोधायचा होता. मुंबईचा गव्हर्नर बार्टल फ्रियर त्याच्या पाठीशी होता. माणसं हवी होती, तर कुणीतरी सुचवणारच की नाशिकला आफ्रिकेची मुलं आहेत, इंग्रजी जाणतात, कसब जाणतात, देश त्यांचाच.

१८६६ च्या जानेवारीत तांडा मुंबईहून निघाला. थूल नावाचं जहाज, जे मुंबई सरकार झांझिबारच्या सुलतानाला भेट देत होतं, त्यावरूनच हे सगळे गेले, तेवीस दिवसांचा प्रवास. लिव्हिंगस्टनने यादी दिलीय: १३ शिपाई, १० जोहाना बेटावरचे (आजच्या कोमोरोसमधलं), ९ नाशिकची मुलं, २ झांबेझी नदीकाठच्या शुपांगाचे, आणि चुमा व विकतानी. शिवाय ६ उंट, ३ म्हशी आणि एक वासरू, २ खेचरं, ४ गाढवं. जनावरं कशाला, तर त्सेत्से माशीचा त्यांच्यावर काय परिणाम होतो ते बघायला.

या यादीकडे मी बराच वेळ बघत बसलो होतो. नाशिकच्या मुलांना काय सांगून नेलं असेल? मिशनला वाटत होतं की ही मुलं आपल्या देशात परत जाऊन धर्म आणि कसब पसरवतील. लिव्हिंगस्टनला माणसं हवी होती. सरकारला मोहीम हवी होती. प्रत्येकाची योजना पक्की होती, फक्त ज्यांना जायचं होतं त्यांची योजना काय होती हे कुठल्याच पत्रात येत नाही.

पुढे काय झालं ते भराभर सांगतो. रिचर्ड वाटेतच आजारी पडून मेला, मोएंबेपर्यंतही पोचला नाही. शिपायांशी लिव्हिंगस्टनचं पटलं नाही, त्यांना परत पाठवलं. जोहानावाले सप्टेंबरमध्ये पळाले आणि झांझिबारला जाऊन सांगितलं की लिव्हिंगस्टन मारला गेला, जगभर ती बातमी झाली. विकतानी न्यासा सरोवराजवळ नातेवाईक भेटले म्हणून मागे राहिला. नाशिकच्या पोरांबद्दल लिव्हिंगस्टन कधी बरं लिहितो, बऱ्याचदा वैतागून लिहितो, आळशी आहेत, शिपायांची नक्कल करतात वगैरे. पण जानेवारी १८६७ मध्ये औषधांची पेटी गेली तेव्हाची नोंद वाचा. ती पेटी रोज बराका या नाशिकच्या मुलाकडे असायची कारण तो सर्वात जपून नेणारा, आणि नेमकं त्या दिवशी त्याने दुसऱ्याशी ओझं बदललं आणि तो दुसरा माणूस पेटीसकट पळाला. म्हणजे वैताग आपल्या जागी, पण जीव ज्याच्यावर अवलंबून ती वस्तू नाशिकच्याच मुलाकडे होती. १८७० मध्ये आजच्या पूर्व काँगोतल्या मन्येमाच्या जंगलात तर एकदा लिव्हिंगस्टनबरोबर फक्त तिघे उरले: शुपांगाचा सुसी, चुमा आणि नाशिकचा एडवर्ड गार्डनर.

अब्राहमचा भाता

आता पुन्हा मोएंबेला येऊ, कारण माझ्या मते सगळं प्रकरण तिथे उघडं पडतं. अब्राहमच्या उत्तरानंतर लगेच लिव्हिंगस्टन आणखी एक गोष्ट लिहितो. मताकाकडे बैल होते, ते कामाला लावायची त्याची इच्छा होती, कुणी शिकवलं तर हवं होतं. अब्राहमला ते येत नव्हतं. तो लोहार होता. आणि लिव्हिंगस्टन म्हणतो लोहार काय, काहीच नाही म्हणा, कारण त्याला दगडातून लोखंड काढता येत नाही आणि ते येत नसेल तर इथे काम करायला माल आणणार कुठून.

हे नीट समजून घ्या. नाशिकच्या कारखान्यात लोखंडाची तयार सळई मिळते, भाता आहे, ऐरण आहे, कोळसा आहे, पोरगा ठोकायला शिकतो, हात बसतो, उस्ताद शाबासकी देतो. याओ मुलखातल्या लोहाराचं काम सुरू होतं त्याच्या कितीतरी आधी: खनिज ओळखायचं, भट्टी मातीची घालायची, कोळसा पाडायचा, लोखंड गाळायचं, मग ठोकायचं. ते ज्ञान अब्राहमला त्याच्याच गावात, त्याच्याच माणसांकडून मिळालं असतं जर तो तिथे वाढला असता तर. पकडणाऱ्याने फक्त पोरगं नेलं नाही, पोराला जे शिकायचं होतं तेही नेलं. आणि ज्यांनी सोडवलं त्यांनी मनापासून शिकवलं पण नाशिकच्या उपयोगाचं शिकवलं, मोएंबेच्या नाही. लिव्हिंगस्टनलाही हे कळलं होतं, तो लिहितो की या मुलांना साधी शेती शिकवली असती तर बरं झालं असतं, आणि कुणी युरोपीय इथे येऊन वसल्याशिवाय यातला एकही इथे राहायला येणार नाही.

पण मला लिव्हिंगस्टनचं निदान अर्धंच वाटतं. समजा अब्राहमला शेती येत असती, बैल जुंपता येत असते, तरी तो राहिला असता का? त्याने कारण कसबाचं दिलंच नाही. आई आणि बहिणींचं दिलं. जी दोन वडीलधारी माणसं राहा म्हणत होती त्यांच्या भरवशावर मुक्काम करायचा, आणि त्यांच्याच गावातून आई, दोन बहिणी विकल्या गेलेल्या, शिवाय मताका स्वतः किनाऱ्याशी गुलामांचा व्यापार करणारा सरदार. तिथे एकटा तरुण पोरगा राहिला तर त्याचं काय होईल हे अब्राहमला लिव्हिंगस्टनपेक्षा जास्त कळत होतं असं मला वाटतं. परत जा म्हणणाऱ्यांनी गाव बघितलं, अब्राहमने गावातलं घर बघितलं.

शव घेऊन येणारी माणसं

१८७२ मध्ये लिव्हिंगस्टनच्या मदतीसाठी आणखी माणसं पाठवली गेली, त्यात पुन्हा नाशिकची मुलं: जेकब आणि जॉन वेनराइट, कारस फरार, मॅथ्यू वेलिंग्टन, बेंजामिन आणि रिचर्ड रतन. १ मे १८७३ ला आजच्या झांबियात चितांबोच्या गावी लिव्हिंगस्टन वारला. पुढचं बहुतेकांना ऐकून माहीत असतं: काळीज तिथेच झाडाखाली पुरलं, जेकबने इंग्रजीतून अंत्यविधीची प्रार्थना वाचली आणि झाडाच्या खोडावर नाव आणि तारीख कोरली. देह मीठ लावून उन्हात वाळवला, कापडात, झाडाच्या सालीत, शिडाच्या कापडात गुंडाळला आणि सगळे किनाऱ्याकडे निघाले. वाटेत उन्यान्येंबेला (आजच्या टांझानियात) कॅमेरून हा इंग्रज अधिकारी भेटला, म्हणाला इथेच पुरा. यांनी ऐकलं नाही. पुढे गावं प्रेत जाऊ देईनात तर कापडाचा गठ्ठा आहे असं भासवून नेलं आणि लोकांना दाखवायला एक खोटं प्रेत मागे पाठवून दिलं. फेब्रुवारी १८७४ मध्ये बागामोयोला पोचले, नऊ महिने लागले.

जेकब वेनराइट शवाबरोबर इंग्लंडला गेला, १८ एप्रिल १८७४ ला वेस्टमिन्स्टर ॲबेमध्ये शवपेटीला हात लावणाऱ्यांमध्ये तो होता. चुमा आणि सुसी नंतर पोचले, अंत्यविधी चुकला. ॲबेतल्या शिळेवर लिहिलंय की निष्ठावान हातांनी जमीन आणि समुद्र ओलांडून याला आणलं. हात आहेत, नावं नाहीत. रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने चांदीची ६० पदकं पाडली, त्यातली बरीच त्या माणसांपर्यंत पोचलीच नाहीत. आणि जेकब, ज्याने रोजनिशी ठेवली, जो इंग्लंडभर सभांमध्ये बोलला, त्याला तिथल्या काही मंडळींनी गर्विष्ठ ठरवलं. शिकलेला, लिहिणारा, स्वतःचं म्हणणं मांडणारा काळा माणूस त्यांना अवघड जात होता, दुसरं कारण मला दिसत नाही. तो १८९२ मध्ये उरांबोला, आजच्या टांझानियात वारला.

नाशिक ते मोंबासा

१८७३ मध्ये बार्टल फ्रियर झांझिबारला गेला आणि त्यानंतर ५ जून १८७३ ला झांझिबारचा सुलतान बरघश याने गुलामांचा बाजार बंद करणारा करार केला. आता सुटलेल्या माणसांना मुंबईला न आणता तिथेच किनाऱ्यावर वसवायचं ठरलं. प्राइसलाच पाठवलं गेलं, १८७५ मध्ये मोंबासासमोर फ्रियरटाउन उभं राहिलं, आणि शरणपूर व मुंबईतले दीडशेच्या आसपास आफ्रिकन तिकडे गेले. त्यांना तिथे 'बॉम्बे आफ्रिकन' म्हणत. बघा, नाशिकमध्ये ते आफ्रिकन होते आणि आफ्रिकेत बॉम्बेवाले.

हे लोक तिथे शिक्षक झाले, दुभाषे झाले, सुतार, लोहार, कारकून झाले. लोहारकाम मोएंबेत फुकट गेलं होतं, मोंबासात बंदर होतं, सळई होती, तिथे चाललं. फ्रियरटाउनमध्ये एक घंटा होती, गुलाम पकडणारे आले की वाजवायची. पण गोऱ्या मिशनऱ्यांशी खटके उडतच राहिले, पगार कमी, मान कमी, आणि १८८० च्या सुमारास तिथल्या एका गोऱ्या व्यवस्थापकाच्या अमलात फटक्यांची शिक्षासुद्धा चालली, इतकी की कॉन्सलकडून चौकशी झाली. गुलामीतून सोडवलेल्यांच्या वसाहतीत चाबूक! बॉम्बे आफ्रिकनांना याचा किती संताप आला असेल.

विल्यम जोन्स हा शरणपूरचाच, इश्माएल सेमलरही. जोन्स आणि सेमलरला १८८५ मध्ये बिशप हॅनिंग्टनने धर्मोपदेशकाची दीक्षा दिली, आणि त्याच वर्षी हॅनिंग्टन बुगांडाच्या (आजच्या युगांडातलं राज्य) वाटेवर मारला गेला तेव्हा मागे राहिलेला तांडा किनाऱ्यापर्यंत सुखरूप परत आणणारा माणूस जोन्सच होता. पण त्याचं खरं मोठं काम मला राबाईचं वाटतं. मोंबासाजवळच्या राबाईच्या ठाण्यावर किनाऱ्यावरच्या अरब आणि स्वाहिली मालकांकडून पळून आलेले गुलाम आसरा घ्यायचे. इंग्रज मिशनला मालकांशी वाकडं नको होतं, वरून हुकूम होते की पळालेल्यांना ठेवू नका. जोन्सने ठेवले. शेकड्यांनी ठेवले. शेवटी १८८९ च्या जानेवारीत ब्रिटिश ईस्ट आफ्रिका कंपनीला मालकांना भरपाई देऊन सुमारे १,४०० जणांना सुटकेचे कागद द्यावे लागले. म्हणजे पैसे मिळाले ते मालकांना, हे तर गुलामगिरी बंद करण्याच्या जवळजवळ प्रत्येक प्रकरणात दिसतं, पण कागद हातात पडला तो मात्र त्या माणसांच्या.

अब्राहम आणि जोन्स यांना शेजारी ठेवून बघा. दोघंही एकाच जागी वाढले, दोघांनाही कुणीतरी दुसऱ्याने ठरवून आफ्रिकेत पाठवलं. अब्राहम एकटा होता, तांडा दोन आठवड्यांनी पुढे निघणार होता. जोन्सच्या भोवती फ्रियरटाउनची आणि राबाईची माणसं होती, त्याच्यासारखीच सुटलेली, त्याच्यासारखीच आईबापापासून तुटलेली. गाव परत मिळालं नाही, पण तुटलेल्या माणसांचं नवीन गाव झालं. माझ्या मते 'घरवापसी' म्हणून जे मिशनने रंगवलं ते झालंच नाही, झालं ते हे दुसरंच, आणि ते या लोकांनी स्वतः केलं.

कायद्याने झांझिबारमध्ये गुलामगिरी संपली १८९७ मध्ये, केनियाच्या किनाऱ्यावर तर १९०७ मध्ये. चेंग्विंबे, म्हणजे मॅथ्यू वेलिंग्टन, तेव्हा मोंबासातच होता. पुढे सरकारी बांधकाम खात्यात काम केलं त्याने, आणि तो १९३५ मध्ये वारला. लिव्हिंगस्टनचं शव आणणाऱ्यांपैकी सर्वात शेवटपर्यंत जगलेला तोच, आणि त्याचं लहानपण नाशिकला गेलं होतं. नाशिकवर जी पुस्तकं निघतात, हेरिटेज वॉक निघतात, त्यात गोदाघाट असतो, काळाराम असतो, सरकारवाडा असतो. शरणपूरची आफ्रिकन मुलं, त्यांच्या नावांसकट, त्यात असायला हवीत आणि सुरुवात लिव्हिंगस्टनपासून न करता अब्राहमपासून करायला हवी.